तरुण खेळाडूंवरचा माहितीपट: चाळीस तासांचं फुटेज एकसारखंच का दिसतं?

प्रश्न थोडक्यात असा आहे: चौदा ते सतरा वयाच्या चार धावपटूंवर माहितीपट करायचाय. टीम दोघांची, दीड-दोन वर्षं शूट करायची तयारी आहे. सहा आठवड्यांत चाळीसेक तासांचं फुटेज जमलं, पण सगळं एकाच दिवसाचं वाटतं. पहाटेचं धुकं, बुटांच्या नाड्या, घाम, पुन्हा धावणं. मुलं कॅमेऱ्यासमोर तीच ती पाठ केलेली वाक्यं बोलतात. चूक कुठे होतेय?

चूक कॅमेऱ्यात नाही, तुम्ही कोणत्या दिवशी जाता त्यात आहे. मेहनत दिसायला देखणी असते, पण तिच्यात पुढे काय होणार हा प्रश्न नसतो. दहावी फेरी आणि अकरावी फेरी प्रेक्षकाला सारखीच. प्रेक्षक पुढे सरसावून बसतो तो कुणीतरी काहीतरी ठरवत असतं तेव्हा. रिलेच्या चौघांत कोण, नडगी दुखत असताना धावायचं की थांबायचं, परीक्षा की स्पर्धा, ८०० मीटर सोडून १५०० कडे वळायचं का. या वयात असे निर्णय बऱ्याचदा मूल स्वतः घेत नाही, मोठी माणसं त्याच्याबद्दल घेतात, कधी त्याच्यासमोर, कधी पाठीमागे. तुमचा माहितीपट तिथे आहे. पुढचं सगळं त्या क्षणी कॅमेरा, माइक आणि परवानगी तिघंही जागेवर कसे असतील याबद्दल.

पहिलं काम: प्रशिक्षकांसोबत कॅमेरा न घेता दोन तास बसा आणि त्यांचं वर्षाचं नियोजन मागून घ्या. बहुतेक प्रशिक्षकांकडे ते वहीत तरी असतंच. पायाभरणीचे महिने, स्पर्धापूर्व काळ, स्पर्धांचा हंगाम, विश्रांती. त्यावर चार प्रकारचे दिवस खुणा करून ठेवा: स्टॉपवॉच लावून चाचणी होणारे दिवस, निवड चाचण्या, प्रवेशिका भरायची शेवटची तारीख आणि शाळेच्या परीक्षा. यातली प्रवेशिकेची तारीख जवळपास सगळे विसरतात. कोणतं मूल कोणत्या प्रकारात उतरणार हे मैदानावर नाही, त्या दिवशी फॉर्म भरताना ठरतं, आणि तिथे खरी वादावादी होते.

नियोजन माहीत नसेल तर एक चूक हमखास होते. स्पर्धेआधीच्या आठवड्यात सराव सगळ्यात कडक असेल असं समजून टीम तेव्हा जाते आणि मुलं थोडंसं धावून घरी जाताना दिसतात. मोठ्या स्पर्धेआधी साधारण दोन आठवडे सरावाचं प्रमाण जवळजवळ निम्म्यावर आणतात, वेग मात्र तसाच ठेवतात, म्हणजे शरीर ताजं राहतं. या काळात घाम मिळणार नाही, पण मोकळा वेळ आणि अस्वस्थता भरपूर मिळेल. झोप न येणं, उगाच बॅग पुन्हा पुन्हा भरणं, घरात चिडचिड. ते टिपायला जा.

दीड वर्षात साठ-सत्तर शूटचे दिवस धरा. त्यातला तिसरा हिस्सा निर्णयाच्या दिवसांना, तिसरा घर, शाळा आणि प्रवासाला, उरलेल्यात सराव आणि स्पर्धा. काही दिवस राखीव हवेतच, कारण दुखापत तारीख विचारून येत नाही.

दुसरी गोष्ट वाढीची. हा विषय समजून घेतल्याशिवाय या वयाच्या खेळाडूंवर फिल्म करू नये असं माझं स्पष्ट मत आहे. उंची वाढण्याचा वेग मुलींमध्ये सरासरी बाराव्या आणि मुलांमध्ये चौदाव्या वर्षाच्या आसपास सर्वाधिक असतो, पण कुणाचं एक-दोन वर्षं आधी, कुणाचं तितकंच नंतर. त्यामुळे चौदा वर्षांच्या एकाच गटात एक मुलगा पुरुषासारखा दिसतो आणि शेजारच्या लेनमधला अजून लहान मूल असतो. आज जिंकणारा बऱ्याचदा फक्त लवकर वाढलेला असतो. वयोगटाची तारीख ठरलेली असल्याने त्या वर्षाच्या सुरुवातीला जन्मलेल्या मुलांची निवड तुलनेने जास्त होते, हेही अनेक खेळांत दिसून आलेलं आहे. चारही मुलांच्या जन्मतारखा आणि दर तीन महिन्यांच्या उंचीची नोंद प्रशिक्षकांकडून किंवा पालकांकडून घ्या. "मागच्या वर्षी जिंकत होती, यंदा काय झालं?" या प्रश्नाचं उत्तर पुष्कळदा त्या नोंदीत असतं. मुलाखतीत मात्र मुलांना त्यांच्या शरीराबद्दल विचारू नका. ते स्वतःहून बोलले तर ऐका.

वाढीच्या काळात गुडघ्याच्या वाटीखाली हाडाच्या उंचवट्यावर दुखणं, नडगी दुखणं हे नेहमीचं. विश्रांती घ्यायची की स्पर्धा खेळायची हा झगडा तिथून सुरू होतो. गुडघ्याचा मुख्य अस्थिबंध तुटून शस्त्रक्रिया झाली तर मैदानावर परतायला नऊ महिने किंवा जास्त लागतात, म्हणजे तुमच्या शूटिंगचा निम्मा काळ. जखमी मूल म्हणजे फुकट गेलेलं पात्र असं समजून कॅमेरा दुसऱ्याकडे वळवणं ही या प्रकारातली सगळ्यात महागडी चूक. १९९४ साली आलेला, बास्केटबॉल खेळणाऱ्या मुलांवरचा 'हूप ड्रीम्स' हा माहितीपट मुळात अर्ध्या तासाचा करायचा बेत होता. प्रत्यक्षात दोन मुलांमागे सुमारे पाच वर्षं आणि अडीचशे तासांचं फुटेज झालं, आणि त्यातल्या एकाच्या गुडघ्याची दुखापत हा फिल्मचा मोठा भाग ठरला. कॅमेरा तिथून हलला नाही म्हणून ते शक्य झालं.

चार मुलं सुरुवातीला कमी आहेत. एखादं खेळ सोडेल, एखाद्याचे पालक बदली होऊन जातील. सात-आठ जणांपासून हलकं शूट सुरू करा आणि तीन-चार महिन्यांनी तिघा-चौघांवर या. पण इथे एक धोका आहे. ज्या मुलांच्या आयुष्यात आधीच निवड चाचण्या आहेत, त्यांना तुमच्या फिल्ममधून वगळलं जाणं म्हणजे आणखी एक यादी, जिच्यात आपलं नाव नाही. म्हणून पहिल्याच दिवशी मुलांना आणि पालकांना स्पष्ट सांगा की शेवटी सगळे दिसणार नाहीत, आणि त्याचा कोण किती चांगलं धावतं याच्याशी संबंध नाही. वगळलेल्या मुलाला त्याचं फुटेज नीट जोडून भेट द्या आणि मैदानावर भेटल्यावर पूर्वीसारखंच बोला. मुलं हे लक्षात ठेवतात.

आता आवाज. तुमच्या फुटेजमध्ये निर्णय दिसत नाहीत याचं अर्धं कारण ते ऐकू येत नाहीत हे असणार. धावणाऱ्या मुलाला कॉलर माइक लावून श्वास आणि कपड्यांची खसखस मिळते, बाकी काही नाही. माइक प्रशिक्षकाला लावा. वाक्यं त्यांच्याकडून येतात, आणि मुलं पाणी प्यायला, वेळ विचारायला, तक्रार करायला त्यांच्यापाशीच येतात. नायलॉनच्या जॅकेटवर बाहेरून क्लिप लावली की प्रत्येक हालचालीला खरखर येते. माइक आतल्या सुती टीशर्टला, छातीच्या हाडापासून जरा बाजूला टेपने चिकटवा, वायरचा छोटा लूप करून तोही टेपखाली दाबा म्हणजे ओढ थेट माइकवर येत नाही, आणि बाहेर वारा असेल तर केसाळ टोपी चढवा. गळ्यात शिट्टी आणि स्टॉपवॉच असतं, ते आदळतं, म्हणून मधोमध नको. शिट्टीचा आवाज इतका मोठा असतो की ३२ बिट फ्लोट रेकॉर्डर (खूप मोठा आवाजही न फाटता नोंदवणारा) असला तरी आवाज माइकच्या कॅप्सूलमध्येच फाटतो आणि फाटलेला आवाज नंतर दुरुस्त होत नाही. शक्यतो जास्त आवाज सहन करणारा माइक घ्या, नाहीतर शिट्टीचे क्षण दुसऱ्या कॅमेऱ्यावरच्या माइकमधून वापरा. वायरलेस असेल तर स्पर्धेच्या दिवशी पल्ला कमी होतो, कारण हजारो फोन त्याच लहरींमध्ये गर्दी करतात. त्या दिवशी अंगावरच रेकॉर्ड करणारं यंत्र लावा. ४८ किलोहर्ट्झ, आवाजाची पातळी साधारण उणे १२ डेसिबलच्या आसपास, आणि प्रत्येक जागेचा नुसता एक मिनिट शांत आवाज.

प्रशिक्षकांना माइक लावलाय हे मुलांना रोज सांगायचं. प्रशिक्षक माइक विसरून एखाद्या मुलाच्या आजारपणाबद्दल किंवा घरच्या भांडणाबद्दल बोलले, तर ऐकल्याबरोबर तो भाग काढून टाका आणि काढल्याचं त्यांना कळवा.

चित्राबद्दल फार लिहीत नाही, ते तुम्हाला जमतंय असं दिसतं. फक्त दिव्यांचं लक्षात ठेवा. ५० हर्ट्झच्या विजेवर दिवे सेकंदाला १०० वेळा कमी-जास्त होतात. सेकंदाला २५ फ्रेम असताना शटर १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवलं तर बाधा नाही. स्लो मोशनसाठी १०० फ्रेम आणि १/१०० चालेल, पण १२० फ्रेमला चित्र धडधडायला लागतं. ६० हर्ट्झच्या ठिकाणी गणित १/६०, १/१२० असं बदलतं. हलक्या दर्जाच्या एलईडीचा ताल वेगळाच असतो, तिथे आदल्या दिवशी दोन मिनिटं शूट करून मोठ्या पडद्यावर बघा, कॅमेऱ्याच्या छोट्या स्क्रीनवर पट्टे दिसत नाहीत. पुढे जलतरणाकडे वळलात तर तलावावर शिरल्याबरोबर लेन्सवर बाष्प जमतं, म्हणून कॅमेरा बंद बॅगेतच अर्धा-पाऊण तास आत ठेवून मग उघडा.

स्लो मोशन कमी करा असा माझा आग्रह आहे. त्याने वेग नाहीसा होतो, आणि वेग हीच या मुलांची कमाई. कॅमेरा ट्रॅकच्या कडेला स्थिर ठेवा, मूल दुरून येऊ द्या, जवळून जाऊ द्या, नाहीसं होऊ द्या. खरा वेग असाच कळतो. कॅमेऱ्याची उंची मुलाच्या डोळ्यांइतकी ठेवा. आणि घट्ट पोशाखातल्या मुलामुलींचे स्टार्टिंग ब्लॉकवर मागून शॉट घ्यायचे नाहीत, चुकून आलेले वापरायचे नाहीत.

निवडीची यादी लागते तो क्षण कसा टिपायचा हे सविस्तर सांगतो, कारण तो एकदाच येतो. कागद लागायच्या आधीच फलकाच्या बाजूला, भिंतीला टेकून उभे राहा, तोंड मुलांकडे. ३५ मिमीच्या आसपासची लेन्स, झूम नाही, कागद फ्रेममध्ये नाही. मुलं येतात, बोट यादीवरून खाली सरकतं, थांबतं, पुन्हा वरून सुरू होतं. नाव नसेल तर बहुतेक मुलं दुसऱ्यांदा वाचतात. मग मैत्रिणीचं नाव शोधतात. मग चेहऱ्यावर काहीही न आणता बाजूला होतात आणि बाटली उघडतात. हे सगळं मिनिटाभरात होतं, आणि टीम नेमकी दहाव्या सेकंदाला कागदाचा क्लोजअप घ्यायला वळते. कागद कुठे जात नाही. सगळे गेल्यावर निवांत घ्या, आणि संमती नसलेल्या मुलांची नावं एडिटमध्ये धूसर करा.

स्पर्धेच्या दिवशी तुमच्या हातात वाटतं त्यापेक्षा कमी असतं. प्रक्षेपणाचे हक्क आयोजकांकडे किंवा वाहिनीकडे असतात, त्यामुळे मैदानात कुठे उभं राहायचं आणि शर्यतीचं फुटेज फिल्ममध्ये वापरायचं की नाही याची लेखी परवानगी काही आठवडे आधी घ्या. कॉल रूममध्ये, म्हणजे शर्यतीआधी खेळाडूंना एकत्र बसवतात तिथे, मूल गेलं की ते तुमचं राहत नाही. शर्यत सुरू करणाऱ्याने 'सेट' म्हटल्यावर कॅमेऱ्याचा बीप किंवा फ्लॅश म्हणजे चुकीचा स्टार्ट होण्याची भीती, सगळे आवाज आधीच बंद करा. दोघांची टीम असेल तर एक कॅमेरा अंतिम रेषेच्या बाजूने लांब लेन्सवर, दुसरा प्रशिक्षक किंवा आई-वडिलांच्या चेहऱ्यावर ट्रायपॉडवर पक्का. आठशे मीटरची शर्यत चेहऱ्यावर बघणं पुष्कळदा ट्रॅकवर बघण्यापेक्षा जास्त सांगतं. दोन्ही कॅमेऱ्यांत घड्याळाची वेळ टाइमकोड म्हणून जुळवा, नाहीतर एडिटला हीट (प्राथमिक फेरीची शर्यत) कोणती हेच कळत नाही.

हरल्यावर लगेच मुलासमोर कॅमेरा नेऊ नका. आधीच एक खूण ठरवा, हात आडवा केला की कॅमेरा खाली. आणि ती पाळलीच पाहिजे, एकदा मोडली की पुढचं दीड वर्ष पाठ केलेली वाक्यंच मिळतील. मुलाखत एक-दोन दिवसांनी घ्या.

त्या पाठ वाक्यांबद्दल. "कसं वाटतंय?" विचारलं की "अजून मेहनत करायचीय" हेच येणार, सत्कार समारंभांत त्यांना तेच शिकवलेलं असतं. घडलेलं विचारा. "यादी लागली तेव्हा तू कुठे होतीस? सगळ्यात आधी कुणाला सांगितलंस? ते काय म्हणाले?" हाताला काम असू द्या, बुटांचे खिळे बदलणं, पायाला पट्टी बांधणं. उत्तर संपल्यावर पाच-सहा सेकंद गप्प राहा, खरं वाक्य बऱ्याचदा त्यानंतर येतं. अर्धा तास पुरे. पालक किंवा जबाबदार मोठं माणूस दिसेल इतक्या अंतरावर हवं, ऐकू येईल इतक्या जवळ नको. टीममधला कुणी एकटा मुलासोबत बंद खोलीत नाही, गाडीत नाही, आणि खासगी मेसेज नाहीत. निरोप पालक असलेल्या गटावरच.

संमतीपत्रावर पालकांची सही पुरेशी नाही. १९८९ च्या संयुक्त राष्ट्रांच्या बालहक्क करारातलं १२ वं कलम मुलाचं म्हणणं ऐकण्याबद्दल आणि १६ वं त्याच्या खासगीपणाबद्दल आहे. तो आधार धरून मुलाची स्वतंत्र संमती घ्या आणि दर सहा महिन्यांनी नव्याने विचारा. चौदाव्या वर्षी हो म्हणणारं मूल सोळाव्या वर्षी वेगळं असतं. कपडे बदलायची खोली, वजन घेणं, मालिश, डॉक्टरांची तपासणी, उत्तेजक चाचणीचं ठिकाण इथे कॅमेरा नाही. कुस्ती, ज्युदो, बॉक्सिंगकडे वळलात तर वजनाचा आकडा आणि ते उतरवायच्या युक्त्या दाखवू नका, बघणारी मुलं त्या करून पाहतात. खाणं कमी आणि सराव जास्त यातून शरीराला होणाऱ्या हानीला आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीने २०१४ मध्ये 'रेड-एस' असं नाव दिलं. मुलीची पाळी थांबणं, पुन्हा पुन्हा हाडाला चीर जाणं ही त्याची लक्षणं. हे 'जिद्द' म्हणून संगीत लावून दाखवू नका. आणि कुणी मुलाला मारतंय किंवा त्याच्याशी गैर वागतंय हे दिसलं तर कुणाला कळवायचं हे शूट सुरू होण्याआधी लिहून ठेवा. मुलाला "कुणाला सांगणार नाही" असं वचन देऊ नका.

घराचा दर्शनी भाग, शाळेची पाटी, मूल रोज एकटं धावतं तो रस्ता ओळखू येईल असा दाखवू नका, आणि शूट चालू असताना क्लिप ऑनलाइन टाकू नका. मुलांना काही खायला-प्यायला, विशेषतः कुठलीही गोळी देऊ नका. उत्तेजक द्रव्यांच्या नियमात शरीरात सापडलेल्या गोष्टीची जबाबदारी खेळाडूवरच येते, आणि सर्दीच्या काही गोळ्यांत असणारं स्यूडोएफेड्रिन स्पर्धेच्या काळात ठरावीक मर्यादेपुढे निषिद्ध आहे.

साठवणीचा हिशेब: सेकंदाला १०० मेगाबिटने तासाला ४५ जीबी. सत्तर दिवस, रोज दोन तास धरले तर सव्वासहा टीबी, आणि प्रती तीन हव्यात, त्यातली एक दुसऱ्या जागी. रोज रात्री क्लिपला नाव देताना एक ओळ लिहा: आज कुणी काय ठरवलं. सलग चार दिवस ती ओळ रिकामी राहिली तर तुम्ही चुकीच्या दिवशी जाताय.

एडिटमध्ये शर्यतीआधी प्रेक्षकाला पणाला काय लागलंय हे कळलं पाहिजे. समजा ८०० मीटरमध्ये मुलीची सर्वोत्तम वेळ २ मिनिटं १९ सेकंद आणि पात्रतेची २:१६ आहे. तीन सेकंद म्हणजे काय हे कुणाला कळत नाही. ट्रॅकवर साडेसतरा मीटर अंतरावर दोन शंकू ठेवा, त्या वेगाने अंतिम रेषेपाशी पडणारं अंतर साधारण तेवढं असतं. प्रशिक्षकांना ते मुलीला चालून दाखवू द्या. तेवढा एक शॉट निवेदनाची चार वाक्यं वाचवतो. निकाल शेवटी ठेवू नका, त्यानंतर दहा-बारा मिनिटं तरी राहू द्या, कारण दुसऱ्या दिवशी पुन्हा शाळा असते आणि तिथे काय होतं तेच बघायचं असतं. रफ कट (फिल्मची पहिली कच्ची जुळवणी) अंतिम होण्याआधी मूल आणि त्याच्या विश्वासातलं एक मोठं माणूस यांना दाखवा, अख्ख्या संघासमोर पहिल्यांदा नको. दुखावणारा खासगी भाग काढायचा अधिकार त्यांना द्या. फिल्म चांगली दिसावी म्हणून बदल सुचवायचा अधिकार प्रायोजकालाही नको, प्रशिक्षकालाही नको.

सध्याच्या चाळीस तासांचं म्हणाल तर टाकून देऊ नका. चित्र बंद करून नुसतं ऐका आणि प्रशिक्षक किंवा पालक जिथे "बघू", "उद्या सांगतो", "आत्ता नको" म्हणतात तिथे खूण करा. तिथे निर्णय लांबणीवर पडलेला असतो, तो कधी झाला ते विचारून घ्या. मग पुढचे दोन आठवडे कॅमेरा न घेता मैदानावर जा. मुलांना तसं आधी सांगा, नाहीतर त्यांना वाटेल आपलं काही चुकलं.